गाढव बसणार नाही असं पत्र

पंचवटी, संक्रांत होऊन गेल्यावरचा सोमवार

साईच्या आईस,

काल पेठच्या स्टँडवर सकाळपासून उभा होतो. कोंडाजीची गाढवं दरवर्षीसारखी खिंडीतून एकेक करून बाहेर आली. पाठीवर मधाचे डबे, निळी हळद, तिकडची घोंगडी. शेवटच्या गाढवामागं तू दिसशील म्हणून मी रसवाल्याला दोन ग्लास सांगून ठेवले होते. दोन्ही मलाच प्यावे लागले.

कोंडाजी चप्पल झटकत म्हणाला, "नवसाबाई नाय आली. तिनं तिकडं आडबाजारात दुकान टाकलं. निरोप हाय तुमाला."

मी म्हटलं, "दुकान? अरे, आपलं दुकान पंचवटीत आहे ना!"

"ते तुमचं, शेठ. हे तिचं."

आणि त्यानं तुझा निरोप तुझ्याच सुरात म्हणून दाखवला. 'मी परत यावं असं एक खरं कारण लिहून पाठवा. एकच पुरे. पटलं तर आखाजीच्या आत निघेन, नाहीतर इथं बरं शे.'

बरं शे म्हणे! लग्न करून सटाण्याहून आलीस त्याला एक जन्म झाला, तरी राग आला की अहिराणी बाहेर येतेच. आणि अक्षय्य तृतीयेची, तुझ्या त्या आखाजीची, धमकी मला देऊ नकोस. आखाजीचा सूर्य मावळेपर्यंत जो तिकडून निघत नाही, त्याला ती वाट तिकडचाच माणूस धरते आणि इकडचा रस्ता पुन्हा दाखवत नाही, हे मला पाठ आहे. कोंडाजीचा चुलता असाच तिकडचा होऊन बसला. हा काय पोरखेळ आहे? फोन लावावा तर तिकडे लागत नाही, आपलाच आवाज फिरून आपल्या कानात येतो. म्हणून आयुष्यात पहिल्यांदा तुला पत्र लिहायला बसलोय.

तर ऐक. इकडे आम्ही सगळे मजेत आहोत. तुझ्यावाचून काही अडलेलं नाही. साई मळ्यातला झेंडू बघतो, मी दुकान बघतो, सूनबाई शुभांगी घर बघते. मला झोप उत्तम लागते. तरी तुला कारणच हवं असेल तर हे घे: गिऱ्हाईक निळी हळद मागतंय आणि तिची पारख तुलाच आहे. पुरे की एवढं.

भिमाजी


पंचवटी, रथसप्तमी

साईच्या आईस,

मागचं पत्र परत आलं. कोंडाजीनं भर बाजारात, गवारीच्या ढिगावर आणून टाकलं आणि म्हणाला, "भिमाशेठ, तुमच्या पत्रावर गाढव बसलं."

खिंड ओलांडून पहिलं वळणही झालं नव्हतं म्हणे. गाढवानं बसकण मारली ती मारलीच. कोंडाजीनं गोणी उतरवली, मध्ये काय खोटं शिरलंय ते बघायला टपालाची पिशवी सोडली, एकेक पत्र बाजूला काढत गेला. माझं काढलं आणि गाढव झटकन उठून चालायला लागलं. शेजारी लिंबं विकणारा गोरक्ष पोट धरून हसला. दिवसभर येईल त्याला तेच सांगत होता.

वाटेवर खोटं चालत नाही हे मला कुणी शिकवायला नको. खोटं बोललं की डोंगर आडवा येतो. गप्प राहिलं तर धुकं उतरतं. पण मला वाटलं, हा कायदा तोंडाला आहे. कागदालाही लागू असेल हे कोणाच्या बापाला ठाऊक! आणि 'आम्ही सगळे मजेत आहोत' हे काय खोटं झालं? पत्रात तसंच लिहायची पद्धत असते. सगळं जग तसंच लिहितं.

लग्नानंतर आपण दोघं निघालो होतो ते आठवतं ना? तू पुढे, मी मागे. ती नदी उठून डोक्यावरून पलीकडे गेली तेव्हा तू हसत होतीस आणि मी डोकं झाकून खाली बसलो होतो. तू विचारलंस, "दमलात का हो?" मी म्हटलं, "छे, मी कशाला दमतोय!" पुढचं पाऊल टाकलं ते पेठच्या स्टँडवर, रसवंतीच्या मागच्या चिपाडांत. तू तिकडे पोचलीससुद्धा. तेव्हाच ठरलं, तुझ्या तोंडाला खोटं येत नाही म्हणून तू चालायचं, माझ्या तोंडाला खरं येत नाही म्हणून मी विकायचं. 'ताई, तुमच्यासाठी म्हणून देतोय, खरेदीलाच पडत नाही' हे मी जितक्या वेळा म्हटलं असेल, तितके तर गोदावरीत गोटे नसतील. त्याच जिभेनं घर चाललं आपलं. हसू नकोस.

असो. आता खरं लिहितो.

मजेत नाही. शुभांगी स्वयंपाक चांगला करते, तुझ्यापेक्षा बरा करते. रागावू नकोस, खरं लिहायचं ठरलंय. पण मी 'आमटीत मीठ कमी आहे' म्हटलं की ती बिचारी उठून मीठ आणून देते. तू भांडायचीस. माझ्या जिभेची चव गेली म्हणायचीस, मग मी तुझ्या माहेरच्या तिखटावर जायचो, मग तू माझ्या आईवर यायचीस. आता जेवण पटकन संपतं आणि पुढे काय करायचं ते कळत नाही.

झोप येत नाही. तुझं घोरणं नाही म्हणून असेल. बाहेर कुंभमेळ्यासाठी सगळी पंचवटी खणून ठेवलीय, मशीन धडधडत असतं, पण त्याला तुझी सर नाही.

कारण मात्र अजून सापडलेलं नाही. शोधतोय.

भिमाजी


पंचवटी, महाशिवरात्रीच्या आदल्या दिवशी

साईच्या आईस,

पोचलं! कोंडाजी सांगतो, गाढव नुसतं चाललं नाही, उताराला पळत सुटलं. आणि तुझं उत्तरही आलं. 'वाचून हसले. हे कारण नाही, ही तक्रार आहे. लाल मिरची पाठवा, इथली संपली.'

एवढंच? मी रात्र रात्र जागतोय आणि तुला मिरची हवी?

पाठवतोय. सोबत कारणही पाठवतोय, आणि या वेळी पक्कं आहे. मी आजारी आहे. गुडघा पार गेला. डॉक्टरनं हात टेकले. पाण्याचा तांब्यासुद्धा उचलवत नाही. डोळ्यांपुढे अंधारी येते आणि त्या अंधारात तू दिसतेस. आता किती दिवसांचा सोबती आहे, कोण जाणे. शेवटचं तोंड बघायचं असेल तर निघ.

तुझा आजारी,
भिमाजी

ता. क. मिरचीची पोती मोजून घे. साईला वेळ नव्हता म्हणून मीच उचलून टेम्पोत चढवलीत.


पंचवटी, रंगपंचमीच्या दुसऱ्या दिवशी

साईच्या आईस,

गाढव बसलं. या वेळी नुसतं बसलं नाही, लोळलं. तुझी निम्मी मिरची त्या वाटेवर सांडली आणि जिथे सांडली तिथे म्हणे टेकडी शिंकायला लागली. कोंडाजी माझ्यावर असा तापला की काय सांगू. "शेठ, पुन्हा असलं पत्र दिलं तर तुमालाच गाढवावर घालीन."

शुभांगीनं ते परत आलेलं पत्र वाचलं. बसली होती भाजी निवडत. म्हणाली, "नाना, तुम्ही आजारी? परवा गोरक्षकाकांशी पैज लावून उसाचा भारा कोणी उचलला?"

मी म्हटलं, "बरं मग तुमचं नाव घालतो. साईला आई हवी, सुनेला सासू हवी, असं लिहितो."

ती म्हणाली, "आईंना आमच्यासाठी बोलावू नका. त्या आल्या तर मला आनंदच आहे, पण आमचं चाललंय. तुमचं चालत नाही, तसं लिहा ना सरळ."

सून आहे की वकील! 

मग मी काय केलं, सांगतो. तू हसशील. मी ठरवलं की जीभ वळणावर आणायची. एक दिवस दुकानावर एकही खोटं बोलायचं नाही. व्रत धरून बसावं तसा बसलो. पहिलीच बाई आली, म्हणाली, "मेथी ताजी आहे ना?" मी म्हटलं, "नाही ताई, कालची आहे. वर पाणी मारलंय." ती माझ्याकडे बघतच राहिली. म्हणाली, "काका, बरं वाटत नाही का तुम्हाला?" आणि दोन जुड्या घेऊन गेली! दुसऱ्यानं विचारलं, वांग्यात कीड निघेल का? म्हटलं, निघेल, दोन-तीन वांग्यांत तरी निघेल. तो म्हणाला, निदान माणूस खरं तरी बोलतोय, द्या एक किलो. तिसरी बाई मात्र घासाघीस करायला लागली आणि मी म्हटलं, "ताई, याच्यात मला चांगले सुटतात, पण तुम्हाला कमी करून द्यायची माझी इच्छा नाही." तिनं कोथिंबीर तोंडावर फेकली. कोथिंबिरीनं लागत नाही, पण अपमान होतो.

दुपारी रहाडीत, रंगाच्या हौदात, उड्या मारून रंगानं निथळत पोरं आली, त्यांच्यात आपला साई. मला म्हणाला, "नाना, बाजारात बोलतायत, भिमाजीला चकवा लागला." मी म्हटलं, "लागलाय." हे त्या दिवसातलं सगळ्यात खरं वाक्य असावं.

संध्याकाळी गोरक्षनं चहा सांगितला. त्यानं विचारलं, "वहिनी येणार ना?" रोज विचारतो. रोज मी सांगतो, येईल की, जाते कुठे. त्या दिवशी तसं सांगता येईना. म्हटलं, "माहीत नाही रे."  त्यानं पहिल्यांदाच चहाचे पैसे स्वतः दिले.

नवसा, तुला एक विचारायचं आहे. तू तिथे काय करतेस दिवसभर? लग्नापासून तू त्या बाजाराला जातेस आणि मी एकदाही विचारलं नाही की तिथे कसं असतं. माल विचारला, भाव विचारला. तेवढं लिही.

भिमाजी


पंचवटी, रामनवमीचा रथ गेल्यानंतर

नवसा,

तुझं पत्र आलं. एवढं मोठं पत्र तू लिहू शकतेस हे मला माहीत नव्हतं. आधी मी वाचलं, मग शुभांगीला वाचायला लावलं, मग पुन्हा चष्मा लावून मीच वाचलं.

सकाळी नदी दाराशी येते, घागर भरून घ्यायची, मग ती पुढच्या घरी जाते, हे वाचून साईला खरं वाटेना. तुझ्या दुकानामागच्या टेकडीवर एका अंगाला भात आणि दुसऱ्या अंगाला हुरडा, आणि मधल्या बांधावर बसून तू दोन्ही खातेस. तिथे तुला सगळे नवसा म्हणतात. साईची आई कोणी म्हणत नाही, भिमाजीची बायको तर नाहीच. एकच भाव, घासाघीस नाही, त्यामुळे घसा बसत नाही. आणि शेवटी तू लिहिलंस, 'लग्न झाल्यापासून मी चालतेय. तुम्हाला वाटायचं मला चालायला आवडतं. आवडायचं पण. आता मला बसावंसं वाटतं. इथं माझ्या दुकानात माझी एक फळी आहे, तिच्यावर पाठ टेकून मी बसते, आणि मला कुठं निघायचं नसतं.'

ते वाचून मी दुकानातून उठलो आणि आपल्या गंगेवर, गोदावरीच्या काठी, जाऊन बसलो. तिथे माणसं काय काय मागत असतात पाण्याकडे. मीही मागायला गेलो होतो, पण मला मागता येईना. तू तिथे सुखात आहेस आणि मी तुला भुलवायला कारणं शोधतोय. शोभतं का हे?

तर आता ऐक. तू येऊ नकोस. तिथेच राहा. मनापासून सांगतो. मी तुला एकही कारण पाठवत नाही. तू खूप चाललीस, आता फळीला पाठ टेकून बस, भात खा, हुरडा खा. माझी काळजी करू नकोस. मला काही वाटणार नाही. मी राहीन. आखाजीला मी तुझ्या नावानं पुरणपोळी करायला सांगेन आणि हसत खाईन.

हे माझं शेवटचं पत्र. हे तरी पोचेल. यात लबाडी नाही.

तुझा,
भिमाजी


पंचवटी, आखाजी आठ दिवसांवर

नवसा,

बसलं.

मी कोंडाजीवर धावून गेलो. म्हटलं, "तुझं गाढव आजारी असेल. दुसरं गाढव लाव." तो म्हणाला, "लावलं, शेठ. तेबी बसलं. मग माझ्या पाठीवर घेतलं, तर माझंच पाऊल उचलंना." म्हटलं, "अरे, मी तिला राहा म्हणून लिहिलंय! माझा जीव तोडून लिहिलंय! यात मी काय मागितलं रे तिच्याकडे?" त्यानं पत्र माझ्या हातात ठेवलं. म्हणाला, "मला वाचता येत नाय, शेठ. पण लय जड हुतं."

पत्र घेऊन दुकानात बसलो. ओळ न् ओळ बोट ठेवून वाचली. तू राहा, हे खरं. तू खूप चाललीस, हे खरं. 'मला काही वाटणार नाही' इथे बोट आलं आणि नवसा, मला भर दुकानात रडू आलं. समोर एक बाई टोमॅटो निवडत होती. ती निवडायची थांबली आणि म्हणाली, "काका, कमी नका करू, आहे त्या भावात घेते मी."

मोठेपणा दाखवायला गेलो तर तोही खोटा निघाला. जित्याची खोड, दुसरं काय.

आता गाढवाच्या भरवशावर राहत नाही. हे पत्र कोंडाजीला देणार नाही, खिशात घालून मीच निघतोय. शुभांगीला सांगितलं. तिनं चटणी-भाकरी बांधायला घेतली, एका शब्दानं अडवलं नाही. साईनं अडवलं. म्हणाला, "नाना, तुम्ही त्या वाटेवर दहा पावलं टिकणार नाही. आणि आखाजी उलटली तर तुम्हीही तिकडेच अडकाल." मी म्हटलं, "पोरा, दोन्ही खरं आहे." मग त्यानं माझ्या चपलांचे अंगठे शिवून आणले.

मला भीती वाटते. वाटेची नाही. मी पोचलो आणि तू 'कशाला आलात?' म्हणालीस तर, त्याची.

भिमाजी


आडबाजार, आखाजी

नवसा,

हे तुझ्या दुकानासमोरच्या आंब्याखाली बसून लिहितोय. तू मला पाहिलेलं नाहीस. तुझ्याकडे गिऱ्हाईक आहे. मी सरळ समोर येणार होतो, पण मला माझं तोंड माहीत आहे. समोर आलो की सवयीनं काहीतरी थट्टा करीन आणि मुख्य गोष्ट राहून जाईल. म्हणून आधी हे वाच.

वाट मला फार कठीण गेली. तू ती हसत कशी चालायचीस, देव जाणे. खिंड ओलांडली आणि पायाखालची जमीन घोंगडी झटकावी तशी झटकली गेली, डावीकडचा डोंगर उजवीकडे जाऊन बसला. एका पावलाला भर पाऊस, दुसऱ्या पावलाला चटके. कोंडाजी म्हणाला, "बोलत राव्हा, शेठ, गप नका होऊ." मी म्हटलं, "मी दमलोय." वाट सरळ झाली. "मला भूक लागलीय." सरळ झाली. "शुभांगीची चटणी तुझ्या चटणीपेक्षा चांगली आहे," तरी सरळच. मला वाटलं, एवढं सोपं असतं तर जन्मभर घाबरलो कशाला!

मग मध्यावर तो काळा कडा आला. सगळी गाढवं थांबली. कोंडाजी म्हणाला, "हे तुमच्यासाठी आलंय. आमी कायम जातो, आमाला कधी नाय दिसत."

मी बोलायला लागलो. म्हटलं, मी नवसाला घ्यायला चाललोय. कडा हलेना. म्हटलं, मी तिला सुखात बघायला चाललोय. पायाखाली पेठच्या स्टँडची चिपाडं दिसायला लागली, रसवंतीची घंटासुद्धा ऐकू आली. मी दगडाला घट्ट धरून बसलो. जे जे चांगलं दिसेल ते सगळं बोलून झालं. आदर, माया, काळजी, संसार, लेकरं. कडा आपला जागच्या जागी.

शेवटी दमलो आणि कोणाला पटवायचं होतं ते विसरूनच गेलो. माझ्याशीच बोलल्यासारखा म्हणालो, "तिनं परत यावं असं एकही कारण नाही. जी होती ती सगळी माझी होती. मला ती हवी आहे, एवढंच आहे. ती नसली की मी कोणाशीच खरं बोलत नाही, आणि मला आता खोट्याचा कंटाळा आलाय."

मान वर केली तर कडा नव्हता. समोर तुझा बाजार होता आणि कोंडाजी गाढवं हाकत पुढे निघालासुद्धा होता.

आता इथलं सांगतो. सकाळपासून बसलोय. इथे 'कशी आहेस' असं विचारतात आणि उत्तराची वाट बघत उभे राहतात, हे तू पत्रात लिहिलं नव्हतंस. मला गंमत वाटली. एवढ्यात काठी टेकत एक म्हातारी तुझ्याकडे आली. तुम्ही तिला भिमाबाई म्हणता. तिनं मीठ मागायच्या आधी विचारलं, "नवसा, कशी हायस गं?"

मी इथून ऐकलं, नवसा. कान देऊन नाही, तुझा आवाज पहिल्यापासून मोठाच आहे.

तू म्हणालीस, "बरी नाही, भिमाबाई. आज आखाजी. कारण पाठवा म्हटलं होतं, तर मेला माणूस कारणंच पाठवत बसला. स्वतः नाही आला."

त्यावर म्हातारी काय म्हणाली ते मला ऐकू आलं नाही. माझ्या कानात काहीतरी भरून आलं होतं. अगं, असं आहे तर मग तसं सांगायचं ना! पण नाही, तू कशाला सांगशील. मी विचारलं नव्हतं.

तर आता विचारतो. तुला घ्यायला आलेलो नाही. तू लग्नापासून चाललीस, आता तुला उठवणार नाही. पंचवटीचं दुकान साई-शुभांगीच्या हाती देऊन आलोय. ती दोघं निळ्या हळदीसाठी कोंडाजीकडे निरोप पाठवत राहतील, आपल्याला त्यांची खुशाली कळत राहील. त्यांना बघायला मिळणार नाही, ह्याचं मला दुःख आहे आणि ते राहणार आहे. तुलाही असेल. दोघांनी मिळून वाटून घेऊ.

सूर्य अजून टेकडीच्या हुरड्याच्या अंगाला आहे. उतरायला वेळ आहे. तू नको म्हणालीस तर मी उजेडात निघेन, आणि या वेळी मला काही वाटणार नाही असं म्हणणार नाही. खूप वाटेल. पण तुझ्या फळीवर दोघांना पाठ टेकता येत असेल तर मी राहू का?

मला विकायला बसवू नकोस. तराजू तुझाच. मी गोण्या उचलीन, मीठ कमी आहे म्हणून कटकट करीन.

भिमाबाईला खुणेनं बोलावून चिठ्ठी तिच्या हातात देतोय. आधी तिला मीठ दे, म्हातारी केव्हाची उभी आहे. मग वाच. मी इथेच बसलोय.

तुझा,
भिमाजी